जुनं रीळ वाचवायचं आणि रंगवायचं कसं: कोल्हापूरकरांसाठी सविस्तर माहिती

कोल्हापुरात जुनी रिळं अजून निघतात. बाबूराव पेंटरांची महाराष्ट्र फिल्म कंपनी इथली. प्रभात १९२९ मध्ये इथेच सुरू झाली आणि १९३३ मध्ये पुण्याला गेली. भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ त्यानंतरही इथेच राहिला. कॅमेरा, लॅब, प्रोजेक्टर यांच्यावर पोट असलेली माणसं या गावात पेठापेठांत होती. त्यामुळे वाडा पाडताना, माळा आवरताना, एखाद्या मंडळाचं कपाट रिकामं करताना पत्र्याचा गोल डबा हाती लागणं इथे फार नवलाचं नाही. नवलाचं म्हणजे त्यातलं किती वाचतं ते.

हा लेख मुख्यतः १६ आणि ८ मिलिमीटरच्या फुटेजसाठी आहे: घरचं लग्न, दसऱ्याची मिरवणूक, जोतिबाची यात्रा, खासबागेतली कुस्ती. सध्या सगळ्यांना रंगाची घाई असते. माझं मत आधीच सांगतो. रंग भरणं हे या कामातलं शेवटचं पाऊल आहे, आणि ते रंग यंत्राला विचारायचे नसतात. ते गावाला विचारायचे असतात.

डबा हाती आल्यावर

रीळ प्रोजेक्टरवर लावून बघू नका, एकदाही नाही. जुनी फिल्म आकसलेली असते, भोकांचं अंतर प्रोजेक्टरच्या दात्यांशी जुळत नाही आणि पहिल्या मिनिटातच भोकं फाटत जातात. घरगुती १६ मिलिमीटरची बहुतेक फिल्म रिव्हर्सल जातीची असते. म्हणजे कॅमेऱ्यात जी फिरली तीच धुऊन पडद्यावर दाखवायची, तिची वेगळी निगेटिव्ह नसते. तुमच्या हातात आहे ती जगातली एकमेव प्रत, असं धरूनच चला.

पट्टीने रुंदी मोजा. ३५ मिलिमीटर भरली आणि फिल्म १९५० च्या आसपासची किंवा आधीची असण्याची शक्यता असली, तर तिथेच थांबा. ती नायट्रेट, म्हणजे पटकन पेट घेणाऱ्या जुन्या पट्टीवरची फिल्म असू शकते. नायट्रेट जळताना स्वतःच ऑक्सिजन तयार करतं, त्यामुळे पाणी ओतून ती आग विझत नाही. कुजलेलं नायट्रेट तर ४० अंशांच्या आसपासही पेटू शकतं, आणि एप्रिलमध्ये पत्र्याखालच्या माळ्यावर तेवढं तापमान सहज होतं. २००३ मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि मूकपटांच्या काळातला ठेवा गेला. कडेला ‘सेफ्टी’ असा इंग्रजी शब्द छापलेला दिसला तर पुष्कळसा दिलासा मिळतो. दिसला नाही, फिल्म चिकट झालेली असली किंवा तपकिरी भुकटी पडत असली, तर डबा सावलीत, हवेशीर जागी, घरातल्या माणसांपासून लांब ठेवा आणि पुण्याच्या संग्रहालयाला फोन करा. एसटीत किंवा कुरिअरने पाठवू नका. तुकडा जाळून तर अजिबात बघू नका.

१६, ८ आणि साडेनऊ मिलिमीटरच्या फिल्म सेफ्टी बेसवरच, म्हणजे न भडकणाऱ्या पट्टीवरच (बहुधा ॲसिटेटच्या) निघाल्या, तेव्हा त्यांना आगीची भीती नाही. त्यांचा रोग वेगळा. डबा उघडताच आंबट, व्हिनेगरसारखा वास आला तर ॲसिटेट कुजायला लागलं आहे. हे कुजणं स्वतःच स्वतःला वाढवतं आणि निघणारी वाफ शेजारच्या चांगल्या रिळांनाही लागते. असा डबा लगेच वेगळा करा. आम्ल किती झालं आहे ते दाखवणाऱ्या निळ्या कागदी पट्ट्या मिळतात. डब्यात ठेवलेली पट्टी निळ्याची हिरवी आणि हिरव्याची पिवळी होत जाते. पिवळ्याकडे झुकलेलं रीळ आधी स्कॅन करायचं, बाकीची मागे ठेवायची.

आकसणं घरीच मोजता येतं. १६ मिलिमीटरच्या फिल्मवर एका भोकापासून पुढच्या शंभराव्या भोकापर्यंतचं अंतर मूळचं साधारण ७६२ मिलिमीटर असतं. ते ७५४ च्या आसपास भरलं, तर फिल्म एक टक्का आकसली. अशी फिल्म दात्यांच्या यंत्रावर चढवू नये. स्कॅन करून देणाऱ्याला हा आकडा आधी सांगा. त्याने तो विचारला नाही, तर तोच माणूस योग्य आहे का याचा पुन्हा विचार करा.

पुरात भिजलेली रिळं

२०१९ आणि २०२१ चा पूर पाहिलेल्या गावात याविषयी वेगळं सांगायलाच हवं. भिजलेलं रीळ उन्हात वाळवायचं नसतं. चित्राचा थर जिलेटिनचा असतो. तो ओला असताना फुगतो आणि गुंडाळीतच वाळला, की एक वेढा दुसऱ्याला कायमचा चिकटतो. पुन्हा उलगडताना चित्र सोलून निघतं. म्हणून ओलं रीळ ओलंच ठेवा: स्वच्छ थंड पाण्याच्या बादलीत, पूर्ण बुडेल असं. पाणी बदलत राहा आणि दोन-तीन दिवसांच्या आत फिल्म लॅबपर्यंत पोहोचवा. फ्रीझरमध्ये घालू नका.

बुरशी धरून वाळलेलं रीळ असेल तर मास्क लावून, उघड्यावर, मऊ ब्रशने हलक्या हाताने झटका. पाणी लावू नका. बुरशीने जिलेटिन खाल्लेलं असतं आणि ओल लागताच ते विरघळून येतं.

सफाई आणि जोड

रीळ हाताने गुंडाळायचे दोन रहाट, पांढरा दिवा लावलेलं टेबल, सुती हातमोजे आणि धागे न सुटणारं मऊ कापड, इतक्यावर सुरुवात होते. फिल्म कडेने धरा. चमकदार बाजू बेसची (मूळ पट्टीची), मंद बाजू इमल्शनची (चित्राच्या थराची). रीळ सैल झालं असेल तर टोक ओढून घट्ट करू नका. वेढे एकमेकांवर घासतात आणि उभे चरे पडतात. सावकाश दुसऱ्या चकतीवर गुंडाळून घ्या.

आधी कोरडं पुसा. तेलाचा किंवा बोटांचा डाग राहिला, तर ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल कापडाला किंचित लावून आधी टोकाच्या कोऱ्या पट्टीवर बघा. औषधाच्या दुकानातल्या जंतुनाशकात पाणी आणि इतर गोष्टी मिसळलेल्या असतात, ते नको. जुने, फिल्म-सिमेंट नावाच्या चिकट द्रवाने केलेले जोड वाकवून तपासा, सुटलेले असतील तर फिल्मसाठीच्या स्प्लायसिंग टेपने बसवा. साधा सेलोटेप लावू नका, त्याचा डिंक पाझरतो.

हे करताना डबा, त्यावरचा कागद, कडेवरच्या खुणा यांचे फोटो काढून ठेवा. कोडॅकच्या फिल्मवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशी छोटी चिन्हं छापलेली असतात. त्यांवरून फिल्म कोणत्या वर्षी तयार झाली ते कळतं. चिन्हांचा क्रम वीस वर्षांनी पुन्हा फिरतो, त्यामुळे उत्तरं दोन-तीन निघतात. त्यातलं खरं कोणतं ते चित्रातली मोटार, विजेचा खांब, दुकानाची पाटी सांगते.

स्कॅनिंग

भिंतीवर पाडून मोबाइलने शूट केलेली प्रत आठवणीपुरती ठीक, पण तिच्यावर पुढचं कोणतंच काम धड होत नाही. एकेक फ्रेम स्वतंत्र टिपणारा, दात्यांऐवजी रोलरवर फिल्म चालवणारा स्कॅनर हवा. पैसे कुठे खर्च करायचे असा प्रश्न आला तर इथेच करा. सॉफ्टवेअर दरवर्षी सुधारतं, फिल्म दरवर्षी खालावते.

मागायच्या गोष्टी अशा. ८ मिलिमीटरसाठी २के पुरतं, १६ साठी २के किंवा ४के. फ्रेमच्या बाहेरचा थोडा भाग आणि भोकं दिसतील असं ओव्हरस्कॅन हवं, ते पुढे उपयोगी पडतं. शार्पनिंग, धूळ काढणं, चित्रातला खरखरीतपणा (नॉइज) कमी करणं सगळं बंद. छटांची खोली (बिट डेप्थ) दहा बिट किंवा त्याहून जास्त. फिल्म कृष्णधवल असली तरी स्कॅन रंगीतच घ्या, कारण मूकपटांच्या काळात पट्ट्या पिवळ्या-निळ्या रंगात बुडवत असत. तो टिंट म्हणजे खरा ऐतिहासिक रंग, त्याला राखाडी करून टाकू नका.

जागेचा अंदाज आधी बांधा. १६ मिलिमीटरचं शंभर फुटी रीळ म्हणजे ४००० फ्रेम. डीपीएक्स प्रकारात प्रत्येक फ्रेमची वेगळी फाइल होते. २के डीपीएक्सची एक फ्रेम सुमारे पावणेतेरा एमबी, म्हणजे एका रिळाला ५१ जीबीच्या आसपास. तेवढं परवडत नसेल तर एफएफव्ही१ कोडेकमध्ये ठेवा. त्यात फाइल बरीच लहान होते आणि चित्रातलं काही जात नाही. या मूळ स्कॅनला नंतर कोणी हात लावायचा नाही. तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, एक गावाबाहेर. प्रत्येक फाइलचा चेकसम (फाइलवरून निघणारा पडताळणीचा आकडा) काढून ठेवा, म्हणजे पाच वर्षांनी फाइल तशीच आहे का ते कळेल.

दुरुस्ती, क्रमाने

डाविंची रिझॉल्व्ह या व्हिडिओ संपादनाच्या सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती बहुतेक कामाला पुरते. धूळ काढणं आणि लुकलुक घालवणं यांची तयार साधनं तिच्या पैसे देऊन घ्यायच्या आवृत्तीत आहेत. थोडी चिकाटी असली तर व्हेपरसिंथ आणि एफएफएमपेग फुकटात तेच करतात.

पहिल्यांदा वेग. घरगुती मूक फिल्म बहुधा सेकंदाला १६ फ्रेमने, सुपर ८ असेल तर १८ ने चित्रित झालेली असते. ती २४ किंवा २५ ने चालवली की माणसं तुरुतुरु धावतात आणि आपले पणजोबा हास्यास्पद दिसतात. दोष त्यांच्या चालण्याचा नसतो. १६ चं २४ करताना प्रत्येक दुसरी फ्रेम दोनदा दाखवा, चाल नैसर्गिक येते. मधल्या फ्रेम संगणकाकडून बनवून सेकंदाला ६० करण्याची सध्या हौस आहे. मला ती पटत नाही. त्यातल्या बहुसंख्य फ्रेम कोणत्याही कॅमेऱ्याने पाहिलेल्या नसतात.

मग स्थिरीकरण. चित्रातल्या वस्तूंवर नव्हे, भोकांवर किंवा फ्रेमच्या कडेवर ट्रॅकर लावा. ओव्हरस्कॅन यासाठीच घेतलं. यंत्रातली थरथर जाते आणि कॅमेरा धरणाऱ्याच्या हाताची हालचाल राहते. ती हालचाल राहायलाच हवी, तोही त्या प्रसंगात हजर होता.

लुकलुक काढली की धूळ. इथे सगळ्यात जपायचं. धूळ काढणारं साधन मागची आणि पुढची फ्रेम बघतं. एखादा ठिपका एकाच फ्रेममध्ये असेल तर तो कचरा मानून पुसून टाकतं. आता जोतिबाच्या चैत्र यात्रेचं फुटेज डोळ्यासमोर आणा. हवेत उधळलेला गुलाल, खोबऱ्याचे तुकडे, सासनकाठीच्या टोकाची फडफड हे सगळं त्या साधनाच्या लेखी धूळच. दसऱ्याला सोनं लुटतानाची आपट्याची पानं, हौद्यात पैलवानाच्या पायाखालून उडालेली मातीही तशीच नाहीशी होते. अशा शॉटमध्ये स्वयंचलित सफाई बंद ठेवा आणि हाताने, फ्रेम फ्रेम बघत करा. किंवा फक्त आकाशाच्या, भिंतीच्या भागावर मास्क लावून, म्हणजे तेवढाच भाग निवडून, चालवा. आधीचं आणि नंतरचं चित्र एकमेकांतून वजा करून बघण्याची सवय लावा. जे पुसलं गेलं तेवढंच पडद्यावर दिसतं आणि चोरी लगेच सापडते.

चऱ्यांबाबत एवढंच: रिव्हर्सल फिल्मवर काळी रेघ बहुधा बेसच्या बाजूची असते, तिच्याखाली चित्र शाबूत असतं. पांढरी रेघ म्हणजे इमल्शन खरवडलं गेलं, तिथे चित्रच नाही, शेजारच्या फ्रेमवरून भरावं लागतं.

फिल्मचे कण थोडे कमी करा, घालवू नका. चेहरे ‘सुधारणारी’ एआय साधनं मात्र माणसांच्या फुटेजवर वापरू नका. पडद्यावर पाव इंचाचा असलेला आजीचा चेहरा ती साधनं मोठा आणि रेखीव करून देतात, पण नाक-डोळे त्यांनी शिकलेल्या परक्या चेहऱ्यांचे असतात. घरातल्या पुढच्या पिढीला तीच आजी वाटू लागते.

रंग

१९५० नंतरच्या रंगीत प्रिंट बऱ्याचदा लाल पडलेल्या असतात. त्यांच्यातला निळसर-हिरवा रंग आधी उडतो. तिथे रंग भरायचे नसतात, फिल्मचे तिन्ही रंग वेगवेगळे सावरून समतोल परत आणायचा असतो. कोडॅकची कोडाक्रोम ही रंगीत रिव्हर्सल फिल्म १९३५ मध्ये आली. ती असेल तर जुनी असूनही रंग बहुधा टवटवीत मिळतात, फक्त जपा. पुढचं सगळं कृष्णधवल फुटेजविषयी.

राखाडी छटेवरून रंग ओळखता येतो ही समजूत आधी सोडायला हवी. विसाव्या शतकाच्या पहिल्या काही दशकांत ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म चालत होती. तिला निळा आणि हिरवा दिसे, लाल जवळजवळ दिसतच नसे. अशा फिल्मवर कुंकू काळं येतं, निळं आकाश पांढरंफटक पडतं, सावळी त्वचा आहे त्याहून काळी दिसते, तालमीची तांबडी माती डांबरासारखी उतरते. १९२० च्या दशकाच्या अखेरीस पॅनक्रोमॅटिक फिल्म सर्रास झाली. तिला लालही दिसतो, पण तिच्यावर लाल काठ आणि हिरवं लुगडं एकाच राखाडीत मिसळू शकतात. म्हणून आधी फिल्म कोणत्या जातीची ते ठरवा. कुंकू आणि आकाश बघितलं की बहुतेक वेळा उत्तर मिळतं.

डीओल्डिफायसारखी मोफत साधनं एका बटणात रंग देतात. ती इंटरनेटवरच्या लाखो फोटोंवर शिकलेली आहेत आणि त्यांतले बहुसंख्य फोटो आपल्याकडचे नाहीत. गवत हिरवं, आकाश निळं, त्वचा गुलाबीसर हे त्यांना जमतं. काळ्याभोर डोक्यावर काय बांधलं आहे हे त्यांना माहीत नसतं, मग ती तपकिरी किंवा निळसर काहीतरी देऊन मोकळी होतात. पहिला कच्चा थर म्हणून वापरा, त्याहून जास्त विश्वास टाकू नका.

त्याऐवजी एक रंगवही करा. वही कागदाची असो किंवा संगणकावरची. प्रत्येक शॉटमधली एक स्पष्ट फ्रेम चिकटवा आणि दिसणाऱ्या प्रत्येक वस्तूसमोर तीनपैकी एक शेरा लिहा: खात्रीचा, अंदाजाचा, माहीत नाही. खात्रीचा लिहिलं तर आधारही लिहा.

सुरुवात न बदलणाऱ्या गोष्टींपासून करा. नवा राजवाडा, भवानी मंडप, रंकाळ्यातला संध्यामठ यांचा काळा दगड जागच्या जागी आहे. ज्या ऋतूतलं आणि ज्या वेळचं फुटेज वाटतं त्याच ऋतूत, त्याच वेळी तिथे जा, ग्रे कार्ड (रंग जुळवण्यासाठीचं ठरावीक राखाडी कार्ड) धरून फोटो काढा. दसऱ्याचं फुटेज असेल तर ऑक्टोबरमधली हिरवळ आणि तिरपं ऊन हवं, मेमधली सुकलेली नको. पावसाळ्यातली पंचगंगा गढूळ तांबूस असते, तिला निळी करू नका. खासबागेच्या हौद्यातल्या मातीत ताक, तेल, हळद पडलेली असते. तिचा ओलसर रंग बाहेरच्या मातीसारखा नसतो, मूठभर माती कागदावर ठेवून फोटो घ्या.

मग कापडाकडे या. आजच्या मिरवणुकीतले भगवे फेटे १९३५ च्या गर्दीच्या डोक्यावर बांधू नका. त्या गर्दीत पांढरे आणि मळलेले पटके असतील, रंगीत रुमाल असतील, टोप्या असतील. घरातल्या ट्रंकेत त्याच लग्नातला शालू किंवा लुगडं असण्याची शक्यता असते, तेव्हा ट्रंका उघडायला सांगा. कापडाच्या घडीच्या आतला भाग बघा, बाहेरचा उडालेला असतो. दरबारी पोशाख, हत्यारं, हौदे यांसाठी नव्या राजवाड्यातलं वस्तुसंग्रहालय आहे. शिवाय या कलापुराला एक देणगी आहे, ती म्हणजे इथले चित्रकार. १९३१ मध्ये वारलेले आबालाल रहिमान शाहू महाराजांच्या दरबारचे चित्रकार होते आणि रंकाळा, कोटितीर्थ परिसर त्यांनी जागेवर बसून रंगवला. त्यांच्या आणि त्यांच्यानंतरच्या निसर्गचित्रकारांच्या चित्रांत त्या काळची झाडी, पाणी, संध्याकाळचा उजेड रंगात सापडतो. चित्रकाराची वृत्ती आणि उडालेले रंग यांची सूट धरून तो पुरावा वापरा.

आणि वडीलधाऱ्यांना विचारा, पण एक पथ्य पाळून. त्यांना आधी कृष्णधवल चित्रच दाखवा. ‘काकी, ही साडी कोणत्या रंगाची होती?’ असं मोकळं विचारा, ‘हिरवी होती ना?’ असं नको. तुमची रंगीत आवृत्ती एकदा डोळ्यांसमोर आली, की आठवण तिच्याच मागे जाते आणि मग खरा रंग कोणी सांगू शकत नाही. दोघांनी वेगवेगळं सांगितलं तर दोन्ही लिहा आणि शेरा अंदाजाचा ठेवा.

प्रत्यक्ष काम असं होतं. फुटेज शॉटमध्ये तोडा आणि पहिल्यांदा अर्ध्या मिनिटाचाच तुकडा निवडा. प्रत्येक शॉटची एक नमुना फ्रेम क्रिटा किंवा गिम्प या चित्रकामाच्या मोफत सॉफ्टवेअरमध्ये उघडून रंगवहीप्रमाणे हाताने रंगवा. कृष्णधवल खाली, वर एकेका वस्तूचा वेगळा थर, थराचा ब्लेंड मोड ‘कलर’, म्हणजे वरच्या थराचा फक्त रंग लागतो, उजेड-अंधार खालचाच राहतो. हा रंग बाकीच्या फ्रेमवर पसरवायला ईबसिंथसारखं साधन वापरा किंवा रिझॉल्व्हमध्ये मास्क ट्रॅक करा. माणूस वळला, आड गेला, नवा कोणी आत आला, की तिथे नवी नमुना फ्रेम लागते. शेवटी पसरलेल्या रंगाचा थर दुरुस्त केलेल्या कृष्णधवलवर पुन्हा ‘कलर’ मोडमध्ये ठेवा. उजेड-अंधार आणि बारीक तपशील मूळ फिल्मचाच राहतो, रंगाचा थर थोडा पुसट असला तरी चालतं. डोळा रंगातला पुसटपणा सहज खपवून घेतो.

रंगाची मात्रा जिथे छान वाटते तिथून थोडी खाली आणा. पांढऱ्या धोतराला जमिनीचा आणि आकाशाचा रंग लागतो, ते शुद्ध पांढरं ठेवलं की कापलेल्या कागदासारखं दिसतं. गर्दीत प्रत्येकाची त्वचा वेगळी आहे, एकच रंग सगळ्यांना फासू नका. ऑर्थो फिल्मवर काळं आलेलं कुंकू रंगवलं की मळकट तपकिरी होतं. ते उजळवण्याचा मोह होतो, पण मूळ छटा बदलायची नाही असं मी मानतो. गडदच राहू द्या आणि वहीत कारण लिहा. ‘माहीत नाही’ असा शेरा असलेल्या वस्तू जवळजवळ बिनरंगी ठेवा. पडद्यावर त्या खटकत नाहीत.

नाव, हक्क, जागा

रंगीत आवृत्तीच्या सुरुवातीला ‘मूळ चित्रण कृष्णधवल, रंग नंतर भरलेले’ अशी पाटी घाला आणि वर्षही लिहा. फॉरवर्ड करताना पहिली पाटी कापली जाते, म्हणून कोपऱ्यात लहान अक्षरांतही ठेवा. कृष्णधवल दुरुस्त प्रत आणि रंगवही नेहमी सोबत द्या. प्रदर्शित चित्रपटाचा कॉपीराइट भारतात ६० वर्षांचा, प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून मोजलेला असतो. घरगुती फुटेजचा हिशोब वेगळा असल्याने ते टाकण्याआधी घरच्यांची लेखी संमती घ्या.

मूळ रीळ स्कॅन झाल्यावर टाकून देऊ नका. गंजलेल्या डब्यातून हवा खेळेल अशा प्लास्टिकच्या डब्यात हलवा, रबरबँड आणि जुने कागद काढा. तळमजला नको, पत्र्याखालचा माळा नको. मधल्या मजल्यावरचं, बाहेरच्या भिंतीला न लागणारं कपाट बरं. पावसाळ्यात सिलिका जेल बदलत राहा आणि आर्द्रता पन्नास टक्क्यांच्या खाली ठेवा. दिवाळीच्या साफसफाईत दरवर्षी एकदा डबा उघडून वास घ्या आणि नवी पट्टी ठेवा. पट्टी हिरवी व्हायला लागली, तर रीळ घरी ठेवण्याचा हट्ट न धरता पुण्याच्या संग्रहालयाशी बोला.